पूर्णेच्या बेटावरचे पाहुणे

ज्याच्या सुटकेसाठी तुम्ही आवाज उठवला, तो सुटल्यावर कुठं गेला, हे पाहायला तुम्ही कधी परत गेलात का?

मी गेलो नव्हतो. म्हणून विचारतो आहे.

रोहिणी संपत आल्या आहेत. आठ दिवसांत मृग लागेल. आमच्या गावात घरोघरी सरकी चोळणं चाललं आहे. शेणात आणि राखेत चोळलेली सरकी अंगणात वाळत पडली आहे आणि सगळ्या गल्लीला तिचा ओलसर, हिरवट वास सुटला आहे. आत्या ओसरीच्या कडेला पाय पसरून बसली आहे. तिचे हात कोपरापर्यंत शेणानं भरले आहेत. पेरणीची सरकी टोपलीत भरून झाली, की खाली ओंजळभर उरते. ती फुटकी, पोचट सरकी आत्या वेगळी काढते आणि सुपात टाकते. गेली सहा वर्षं ही ओंजळ नदीवर न्यायचं काम उरलेलं नाही. तरी ती काढते. मी बघतो आणि बोलत नाही. या घरात बोलायचं काम माझं होतं, आणि ते मी एकदा फार चांगलं केलं.

आमचं गाव पूर्णेच्या काठी आहे. वरवट बकालचा बाजार आम्हाला एका मुक्कामाच्या अंतरावर. गावाच्या समोर नदी दोन धारांत फुटते आणि मध्ये बेट राहतं. कोसभर लांब, रुंदीला बेताचं. त्याच्यावर झाऊची झुडपं, बाभळी, लव्हाळा आणि माणसाच्या छातीला लागेल एवढं कुंदा गवत. त्या बेटावर घोडे होते. कुणाचेच नव्हते. कुणी सांगे पेंढाऱ्यांनी पळताना टाकले, कुणी सांगे निजामाची पलटण मोडली तेव्हा सोडले. खरं काय ते नदीला ठाऊक. लहानखुरी जात होती. उंदरासारखा रंग, मानेपासून शेपटीपर्यंत पाठीवर एक काळी रेघ, आणि आयाळ अशी ताठ, की जणू कुणीतरी नुकतीच उलटी विंचरली आहे. मोठ्या घोड्यांसमोर उभे केले तर शिंगरूच वाटायचे. पण पावसाळ्यात आमच्या काळ्या जमिनीत बैलगाडी आसापर्यंत रुतते, मोठं घोडं पोटापर्यंत रुततं, आणि बेटावरचं घोडं मात्र अंगण ओलांडावं तसं चिखल ओलांडून जायचं. त्याचे खूर रुंद होते आणि पाऊल टाकायच्या आधी ते जरासं थांबायचं.

मृगाच्या आधीच्या या आठवड्यात ते घोडे गावात यायचे. आम्ही त्यांना पाहुणे म्हणायचो.

त्याची रीत अशी. पुरुषांनी काठावर नदीकडं पाठ करून बसायचं. दोर हातात असता कामा नये. बाया गुडघाभर पाण्यात उतरायच्या आणि सुपात सरकी हलवायच्या. सरकी सुपावर आपटली, की एक कोरडा, खरखरीत आवाज होतो. हाक म्हणून एवढंच. पहिल्यांदा झाऊतून कान दिसायचे. मग एक घोडी पुढं यायची, पाण्याचा वास घ्यायची, परत फिरायची. बाया हसायच्या. "नखरे पाह्य तिचे! सासरी चालली जशी!" मग एकाएकी सगळा कळप पाण्यात. माना वर, नाकपुड्या फुललेल्या, आणि पाठ करून बसलेल्या आम्हा पुरुषांना नुसतं ऐकू यायचं: पाण्याचा खळाळ, फुरफुर, मग घाटाच्या दगडांवर खुरांची टकटक. वळून पाहायची मुभा तेव्हा मिळायची. ओल्या घोड्याच्या अंगाला वाळक्या शेवाळाचा वास येतो. तो वास आला, म्हणजे पावसाळा आला, हे मला आभाळाकडे न बघता कळायचं.

ज्या घोड्यानं ज्या बाईच्या सुपात तोंड घातलं, ते त्या घरचं. चार महिने त्याला चारा, कोरडी जागा आणि संध्याकाळी गोवऱ्यांचा धूर. त्याच्या बदल्यात त्यानं चिखलातलं काम करायचं. सुईणीला मळ्यावर न्यायचं, तापानं फणफणलेल्याला वैदूकडं, मीठ-मिरची खेड्याखेड्यांत. दसऱ्याला त्याच्या गळ्यात झेंडूची माळ घालायची आणि नदीवर नेऊन पाठवणी करायची. घोडं कुणी ठेवून घेतलं, असं आमच्या गावात झालं नाही. पाहुण्याला कोण ठेवून घेतं?

आमच्या घरी मिरी यायची. रंग इतका गडद, की आत्यानं तिला ते नाव दिलं. आत्या म्हणजे माझ्या बाबांची थोरली बहीण. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी विधवा होऊन माघारी आली, आणि आई गेल्यावर मला तिनंच वाढवलं. तिला अक्षर येत नाही. बाबांनी मात्र घराच्या भिंती पत्रकांनी भरून टाकल्या होत्या. सभेची, बहिष्काराची, दारूबंदीची, शेतसाऱ्याची. मी अक्षरं पाटीवर शिकलो नाही, त्या भिंतीवर शिकलो. माझा 'अ' हा 'अन्याय' या शब्दातला. अशा घरात वाढलेल्या पोराला जगात दोनच प्रकारची माणसं दिसतात, जुलूम करणारी आणि जुलूम सोसणारी. तिसऱ्या प्रकारची माणसं ओसरीवर बसून सरकी चोळत असतात. ती दिसायला वेळ लागतो.

घोडे कमी होत चालले होते, हे मला दिसत होतं. आजोबांच्या काळात म्हणे वारा नसताना बेट हलायचं. मग पक्की सडक झाली, मोटार सुरू झाली, आणि मीठ-मिरची चाकांवर जाऊ लागली. बेटाच्या वरच्या टोकाला डांगरवाड्या लागल्या. डांगरांच्या वेलांना घोडे नको होते. मग एका साली बुलढाण्याहून सरकारी ढोरांचा डॉक्टर आला. मध्यप्रांत-वऱ्हाड सरकारला जात सुधारायची होती. या खुज्या घोड्यांचा पलटणीला उपयोग नाही, असं त्यानं चावडीवर सांगितलं आणि बेटावरचे नर खच्ची करून टाकले. एकच वाचला, कारण तो त्या दिवशी बेटावर नव्हता. शेजारच्या गावी वरातीत होता, नवरदेवाच्या मांडीखाली. तेव्हापासून त्याचं नावच नवरदेव पडलं. म्हाताऱ्या बाया त्याच्यावरून भाकरीचा तुकडा ओवाळून टाकायच्या आणि म्हणायच्या, "लग्नानं वाचोलं तुले. नाईतर लग्नानं कोन वाचते?"

मी माझं पत्रक लिहिलं, त्या साली बेटावर अकरा घोडे होते. मी एकोणीस वर्षांचा होतो.

आदल्या हिवाळ्यात गावात एक मोठी गोष्ट झाली होती. साहेबाचा तळ पडला. तंबू वाहायला, लाकडं फोडायला, कोंबड्या पुरवायला माणसं मागितली, आणि आमच्या गावानं पहिल्यांदा नाही म्हटलं. दुसऱ्या दिवशी मारुतीच्या पारावर सगळ्यांनी बेलभंडारा उचलला. गावातल्या मुसलमान घरांनी भाकरीवर हात ठेवला. बेगार देणार नाही, अशी शपथ होती. तिच्यात 'आणि घेणारही नाही' हे तीन शब्द मी घालायला लावले. मला वाटलं, मी शपथ पुरी केली.

पुढच्या पावसाळ्यात मी मिरीच्या पाठीवर जखम पाहिली. तळहाताएवढी, खोगिराच्या खाली, पू धरलेली. मिरीवर मिठाच्या गोण्या वाहिल्या होत्या गफूरचाचानं. गफूरचाचा म्हणजे आमच्या गावचा फेरीवाला. चौमाशात आत्याकडून मिरी मागून न्यायचा आणि सडक नसलेल्या खेड्यांत मीठ, मिरची, बांगड्या विकायचा. आत्यानं त्याच्या अंगावर झाडू फेकला होता, हे मला नंतर कळलं. तो पुढचे पंधरा दिवस रोज हळद आणि तेल घेऊन येत होता, हेही नंतर कळलं. मी फक्त जखम पाहिली. जखम पाहिली आणि कागद घेतला.

त्या हिवाळ्यात ते पत्रक खामगावला छापून आलं. त्याचं पहिलं वाक्य मला आजही पाठ आहे: 'चार महिने राबवून घेता आणि त्याला पाहुणचार म्हणता?' पुढं सगळं त्याच तारेत. मुक्या जिवाची बेगार ती बेगार नव्हे काय? ज्या हातांनी बेलभंडारा उचलला, त्याच हातांनी खोगीर कसता? वाक्यं चांगली होती. आजही मला ती चांगली वाटतात, हीच त्यातली वाईट गोष्ट.

पहिली प्रत मी आत्याला दिली. तिनं पदराला हात पुसले, कागद दोन्ही हातांत धरला, डोळ्यांजवळ नेला, लांब नेला.

"तुहं नाव कुठं आहे?"

मी दाखवलं. तिनं त्याच्यावरून बोट फिरवलं. मग मी सगळं वाचून दाखवलं. ती ऐकत राहिली.

"हे मिरीचं लिवलं का तू?"

"मिरीचं नाही. सगळ्यांचं."

"हाव," ती म्हणाली, आणि कागद उलटा करून पाहू लागली. "अन् मांगं कोरंच काऊन?"

"पत्रक एकाच बाजूनं छापतात, आत्या. भिंतीला चिकटवायचं असतं."

"मंग भिंतीकडच्या बाजूनं काईच सांगाचं नसते का?"

मी हसलो. तीही हसली. तिनं पत्रकाची घडी करून ते पेटीत ठेवलं, तिच्या लग्नातल्या चांदीच्या तोड्यांशेजारी.

तुम्हाला वाटेल, गावानं पत्रक धुडकावलं असेल. शेतकरी असल्या गोष्टी ऐकत नाहीत, असं शहरातले माझे मित्र म्हणतात. आमच्या गावानं ऐकलं. शपथ घेतली होती. आणि शपथ घेतलेल्या माणसाला तिच्यातला एक शब्द दाखवून दिला, की तो मान खाली घालतो. मृगाच्या आधीचा तो आठवडा आला आणि बाया सुपं घेऊन घाटावर गेल्या नाहीत. मी पारावर उभा राहून भाषण केलं. घोडे बेटावर राहिले. पहिला पाऊस झाला, धारा भरल्या, आणि गावानं अलीकडून पाहिलं की ते अकराच्या अकरा ओल्या कुरणावर शेपट्या वर करून पळताहेत. टाळ्या वाजल्या. मीही वाजवल्या.

त्या पावसाळ्याबद्दल मला जे आठवतं, ते फार शांत आहे. घाटावर बसलं, की समोर गढूळ पाणी सावकाश वाहतंय. पलीकडं कुंदा वाढतो आहे, इतका, की आषाढात घोड्यांचे फक्त कान दिसतात. कावळे दिसतात. बगळे दिसतात. गावात चिखल आहे आणि चिखलातून माणसं माणसांना खांद्यावर नेताहेत. कुणी तक्रार करत नाही. सुईण पायी जाते आणि उशिरा पोचते, तरी कुणी माझ्या तोंडावर काही बोलत नाही. घरांमधून धूर निघतो आणि आमच्या गोठ्यात मिरीच्या जागेवर ओली लाकडं रचलेली आहेत.

गफूरचाचा रोज घाटावर यायचा. त्याचा धंदा बसला होता. माझ्याशी मात्र तो पूर्वीसारखाच बोलायचा.

"बेटा, कागद अच्छा लिवला तू," एक दिवस तो म्हणाला. "पन एक पूसू? जखम माही गलती. मंग माहं नाव लिवाचं होतं. पूऱ्या गावाचं काऊन लिवलं?"

"प्रश्न एका माणसाचा नाही, चाचा."

"बरं. पन पाठ तं एकाच घोडीची फुटली होती ना?"

मी त्याला तत्त्व समजावून सांगितलं. त्यानं मान हलवली. श्रावण लागल्यावर तो पुन्हा माझ्याकडं आला. या वेळी घाईनं.

"दोन घोडे बसून आहेत बेटा. काल बी बसूनच होते."

घोडं दिवसाढवळ्या बसलं, म्हणजे काय, हे घोडं पाळणाऱ्याला सांगावं लागत नाही. मी घोडा पाळला नव्हता. मी घोड्यांवर लिहिलं होतं. मी म्हणालो, "बसू द्या, चाचा. इतकी वर्षं उभेच होते."

पारावरची चार माणसं हसली. चाचा हसला नाही. तो माझ्या पुढच्या वाक्यासाठी थांबलाही नाही. सरळ आमच्या घरी गेला, आत्याकडं.

त्या संध्याकाळी आत्यानं मला भाकरी वाढली आणि समोर बसली. "मिरी गाभन आहे," ती म्हणाली. "तू म्हनशीन तं आनतो मी तिले. कामाले नाई लावत. नुसती ठेवतो."

"आत्या, आज तू आणलीस, उद्या दुसरा आणेल, परवा खोगीर येईल. शपथ अशीच मोडते."

"मंग नको म्हनतं?"

"नको."

ती उठली आणि चुलीकडं गेली. मला वाटलं, विषय संपला. आपल्याला वाढवणाऱ्या बाईनं ऐकलं, म्हणजे जग बदलतं आहे, असंच मला वाटलं. पोटभर जेवून झोपलो.

दोन दिवसांनी पावसानं उघडीप दिली. पाणी कमरेइतकं उतरलं. सकाळी घाटावर गलका ऐकून मी गेलो, तर आत्या आणि गफूरचाचा कोळ्याच्या डोंग्यातून बेटाच्या कडेला पोचले होते. आत्या पाण्यात उभी होती, लुगडं खोचून, आणि सूप हलवत होती. त्या वाऱ्यात तो आवाज अलीकडं येत नव्हता. नुसते तिचे हात हलताना दिसत होते. कितीतरी वेळ काहीच झालं नाही. मग झाऊ हलली. मिरी आली, पोटानं जड, चालताना थांबत. तिच्यामागं आणखी दोन घोड्या. मग नवरदेव. तो पाण्यापर्यंत आला, खुरं भिजवली, आणि तिथंच बसला. आत्यानं सूप त्याच्या तोंडापुढं नेलं. त्यानं त्यात तोंड घातलं नाही. चाचानं त्याच्या गळ्याला हात लावला आणि आत्याला काहीतरी सांगितलं. पाणी परत चढायला लागलं होतं. तीन घोड्या घेऊन ते माघारी फिरले.

गाव काठावर उभं होतं. या वेळी कुणी पाठ करून बसलं नव्हतं. आणि मी सगळ्यांच्या पुढं उभा होतो. सांगायला लाज वाटते, पण सांगतो. माझी आत्या चिखलातून वर येत होती, थंडीनं तिचे दात वाजत होते, आणि मी सगळ्यांदेखत तिला म्हणालो, "आत्या, तू शपथ मोडलीस."

ती थांबली. मिरीच्या आयाळीला धरून श्वास घेतला.

"हाव," ती म्हणाली. "मोडली. कागदात लिही."

आणि पुढं चालू लागली. बाया बाजूला झाल्या. एकीनं आपल्या अंगावरचं घोंगडं काढलं, मला वाटलं आत्याला देणार, तर तिनं ते मिरीच्या पाठीवर टाकलं.

त्यानंतर पाणी दसऱ्याच्या तोंडाशी उतरलं. आम्ही पलीकडं गेलो. आठ घोडे होते, असं म्हणता येईल, कारण ते तिथंच होते. कुंद्यात, झाऊखाली, एक तर उभ्यानं बाभळीला टेकलेला असावा तसा. नवरदेव जिथं बसला होता तिथून चार पावलं आत. पुरानं कुणी नेलं नव्हतं. मला पूर बरा वाटला असता. पुराला दोष देता येतो.

मलकापूरच्या ढोरांच्या डॉक्टरनं नंतर सांगितलं, त्याला तिबरसा म्हणतात. पावसाळ्यात दलदलीत गोमाशा माजतात, त्या चावतात आणि हा ताप घोड्यांत पसरतो. घोडं सुकत जातं, पायांवर सूज येते, एक दिवस बसतं. उंचावर, कोरड्या जागी, धुरापाशी माश्या येत नाहीत. मी त्याला विचारलं, हे आमच्या गावाला माहीत होतं का? तो म्हणाला, छे, हे तर आम्हालाच आत्ता आत्ता कळलं.

खरंच, माहीत कुणालाच नव्हतं. धूर बैलांसाठी होता, डासांसाठी होता, पोराबाळांसाठी होता. मृगाच्या आधी घोडे का आणायचे, असं विचारलं असतं, तर म्हाताऱ्यांनी म्हटलं असतं, चिखलात काम असतं म्हणून. दसऱ्याला का सोडायचे? दसरा असतो म्हणून. गावाला कारण ठाऊक नव्हतं आणि तरी गाव बरोबर होतं. मला सगळी कारणं ठाऊक होती. यावर मी पुष्कळ विचार केला आहे. म्हणून मी सगळ्या रीतींपुढं हात जोडायला लागलो आहे, असं समजू नका. साहेबाचे तंबू वाहणं ही बेगारच होती आणि ती मोडली हे बरंच झालं. मिरीच्या पाठीवरची जखमही खरी होती. पण जखमेला हळद लागते आणि बेगारीला बंड लागतं. मी हळदीच्या जागी बंड लावलं.

तीन घोड्या उरल्या. मिरीला त्या हिवाळ्यात शिंगरू झालं. ते मेलेलंच होतं. तिच्या पोटात नवरदेवाचं तेवढंच शिल्लक होतं. जात संपते, ती शेवटचं जनावर मरतं तेव्हा, असं आपण समजतो. तसं नसतं. तीन धडधाकट घोड्या आमच्या अंगणात कडबा खात उभ्या होत्या आणि जात संपलेली होती. गफूरचाचानं बुलढाण्याच्या सरकारी घोड्याची चौकशी केली. मग स्वतःच म्हणाला, "त्याचं पिल्लू उंच होईन बेटा. चिखलात फसन. अन् सूप हालवलं तं त्याले वाटन, कोनी तांदूय पाखडून राह्यलं."

त्याच्यावर आम्ही दोघं हसलो. त्या वर्षात मी पहिल्यांदा हसलो होतो.

पुढची सहा वर्षं मिरी आमच्याकडं राहिली. दसऱ्याला आत्या तिला माळ घालायची, नदीवर न्यायची, आणि मिरी पाण्याचा वास घेऊन परत फिरायची. पलीकडं जायला कुणी नव्हतंच. दुसऱ्या दोघी आधी गेल्या. मिरी या चैत्रात गेली, अंगणात, दुपारी, आत्याच्या हातची सरकी खाऊन झाल्यावर. गफूरचाचानं खड्डा खणला. तो आता म्हातारा झाला आहे. मध्ये दोनदा बसला. मी कुदळ मागितली तर दिली नाही. म्हणाला, "तिच्या पाठीचं मले फेडू दे."

 मिरी गेल्यावर मला धाक पडला होता, की आता आत्या म्हणेल. सहा वर्षं न बोललेली गोष्ट आता बोलेल. मी वाट पाहत होतो. बोलली असती तर मला हलकं वाटलं असतं. परवा सरकी चोळता चोळता ती उठली, हात धुतले, आत गेली आणि पेटी उघडली. माझं पत्रक घेऊन आली. घड्यांवर फाटलं होतं, पण अक्षर जसंच्या तसं. तिनं ते माझ्यापुढं पालथं ठेवलं. कोरी बाजू वर.

"आता इकडून लिही."

"काय लिहू?"

"मी सांगतो ते."

मी दौत आणली. ती सांगत गेली, मी लिहीत गेलो. तिच्या शब्दांना मी हात लावला नाही. मला ते सोपं गेलं नाही. दोन ठिकाणी चांगलं वाक्य सुचलं होतं.

'घोडे पाहुने होते. पान्याच्या आधी घरी आनाचे. धूर कराचा. रोज पाठ पाहाची. फुटली तं ज्यानं फोडली त्याच्याच हातानं हयद लावाची. गाभन असन तं कामाले लावाची नाई. दसऱ्याले सोडाचे. मोजून आनले तं मोजून सोडाचे.'

मग जरा थांबली. मी विचारलं, "झालं?"

"अजून एक. 'ज्याले सोडलं, त्याले पाहाले जा.'"

तेवढंच. माझ्याबद्दल एक अक्षर नाही. मी खाली तिचं नाव लिहिलं आणि तिला दाखवलं. तिनं त्याच्यावरून बोट फिरवलं, सहा वर्षांपूर्वी माझ्या नावावरून फिरवलं होतं तसंच.

आता तुमच्याकडं एक मागणं आहे. ते पत्रक नुसतं आमच्या गावात राहिलं नाही. ते चांगलं लिहिलेलं होतं, त्यामुळं पुष्कळ फिरलं. गफूरचाचा कालच सांगत आला, की नदीच्या वरच्या अंगाला एका गावात ते चावडीच्या भिंतीवर अजून आहे. तिथली तरुण मंडळी त्याच्या आधारावर कुंभारांना सांगताहेत, की यंदा तिथल्या बेटावरची गाढवं पावसाळ्यात गावात आणून राबवायची नाहीत. ती मंडळी माझ्यासारखीच आहेत. वाईट नाहीत. मी उद्या तिकडं जातो आहे. पण सगळ्या भिंतींपर्यंत मी मृगाच्या आत पोचणार नाही.

म्हणून, ते पत्रक तुमच्या भिंतीवर असेल, तर फाडू नका. पाण्यानं भिजवून हळू सोडवा आणि उलटं करून लावा. कोऱ्या बाजूवर आत्याचे शब्द लिहा. त्याखाली जागा उरेल. तिथं तुमच्या गावातल्या एखाद्या बाईला विचारून, तिच्याकडं पावसाळ्यात कोण यायचं आणि ती त्याचं काय करायची, ते तिच्याच शब्दांत लिहा. वाक्य सुधारू नका.

आणि ते झालं, की पाणी चढायच्या आत एकदा नदीवर जा. तुम्ही ज्यांना सोडलं, त्यांतलं कुणी बसलेलं आहे का, ते पाहून या.